ओळंबा

लोक म्हणतात, पोशा तांडेल
जिभेनं नकाशे काढायचा.
अर्धं खरं आहे.
शिशाच्या ओळंब्याला खालून चरबी फासायचा,
दोरी सोडायचा, वर ओढून
चिकटलेला गाळ चाटायचा
आणि डोळे मिटून सांगायचा :
चार वाव. काळा चिखल, खाली शिंपले.
माहीमची खाडी, उजवा काठ,
वरून कुणाच्या तरी न्हाणीचं पाणी येतंय.
मी उतरवून घ्यायचे.
मी त्याची ट्रेसर, चांगुणा.
दोन रुपये रोज आणि दुपारी सुकटीचं कालवण.

तेव्हा बेटं सुटी होती.
रात्री नांगर उचलून सरकायची,
परळ माझगावला खेटून निजायचं,
वरळी रुसून पार क्षितिजापाशी,
आणि धाकटा कुलाबा
सकाळी भलत्याच्याच अंगणात सापडायचा.
वेसाव्याची एक नवरी
सासर शोधत तीन दिवस पाण्यावर होती,
हळद उतरली तरी उंबरठा दिसेना.
त्या नवरीच्या बापानं पोशाचे पाय धरले.

म्हणून तो नकाशा.
ज्याच्याभोवती रेघ ओढली ते जागचं हलेना.
जादू म्हणा, मी वाद घालणार नाही.
शेवटची शाई वाळली तेव्हा
सातही नांगर एकदम रुतल्याचा आवाज
मी ऐकलाय.
दुसऱ्या दिवशी पत्ते निघाले. पोस्ट निघालं.
पोशाला पालखीत बसवून गिरगावातून फिरवलं,
तो सबंध वेळ म्हणत होता,
मला लागतंय, खाली उतरवा.

मग भराववाले आले.
नकाशाच्या नकला त्यांनीच जास्त घेतल्या.
खाडीला पत्ता मिळाला होता ना,
पत्त्यावर डबराच्या गाड्या पोचल्या.
हलत्या बेटांमधली फट कोण बुजवणार होतं?
थांबलेल्यांमधली एका हिवाळ्यात बुजते.
प्रत्येक भरावावर पोशा जायचा,
कोरड्या जमिनीवर ओळंबा सोडायचा.
टण्ण.
"लिही, चांगुणे. शून्य वाव."
मी लिहायचे. चव त्यानं सांगितली नाही,
मी विचारली नाही.

पुढची अकरा वर्षं तो खोटं बोलला.
हे कुठल्याही चरित्रात नाही.
त्याच्या खोट्यावर सरकारी शिक्का बसायचा,
कारण पोशा तांडेल चुकत नाही
हे शाळेतली पोरंसुद्धा घोकत होती.
शिवडीच्या पुढं, उगवतीला,
शेवटच्या नकाशात त्याच्या बोरूनं लिहिलंय :
येथे खडक. पाणी नाही. उपयोग नाही.
तिथं तेव्हा तिवरं होती, निवटी होती,
आणि एक बेट, नाव नसलेलं,
जे रात्री अजून नांगर उचलायचं.
त्याच्याभोवती त्यानं रेघ ओढली नाही.
बोरू तीनदा टेकवला, तीनदा उचलला.
कागदावर तीन ठिपके आहेत,
अभ्यासक त्यांना माशांची विष्ठा समजतात.

आता चौकात त्याचा पुतळा आहे.
हातात दुर्बीण.
दुर्बीण त्यानं आयुष्यात धरली नाही,
म्हणायचा, लांबचं बघून काय करू,
पायाखालचं सांगा.

परवा सर्व्हे ऑफिसातून एक मुलगा आला,
नीलकंठ पाटणे, नवं यंत्र, नवी होडी, नम्र.
"आजी, त्या खडकावर पाया चांगला बसेल म्हणतात.
तुम्ही एकट्याच उरलात.
एकदा खात्री करून द्याल?"

होडीत त्याचं यंत्र भरतीच्या पाण्यात
वेडंवाकडं बोलू लागलं, आकडा ठरेना.
मी पदरातून ओळंबा काढला.
चरबी फासली. दोरी सोडली.
दोरी जात राहिली, जात राहिली.
वर ओढला तेव्हा शिसं दिसत नव्हतं,
एवढा मऊ, काळा, जिवंत चिखल.
मुलगा यंत्राकडे वाकला होता.

मी सगळा चाटून घेतला.
मीठ, तिवराचं सडकं पान,
निवटीची अंडी असावीत,
आणि तळाशी गंजलं लोखंड,
नुकत्याच उचललेल्या नांगराचं.
गिळलं.
ओळंबा लुगड्याला पुसून त्याच्यापुढं धरला,
लख्ख.

"खडक," म्हटलं. "लिही."